परवाना संपलेल्या डिजिटल पिनबॉल खेळांचे जतन

परवान्याची मुदत संपल्यामुळे विक्रीतून मागे घेतलेले डिजिटल पिनबॉल खेळ पुढील काळातही पाहता, अभ्यासता व खेळता यावेत, यासाठी केल्या जाणाऱ्या तांत्रिक, कायदेशीर आणि दस्तऐवजीकरणाच्या प्रयत्नांचा समावेश या विषयात होतो. संगणक, भ्रमणध्वनी व खेळयंत्रांवरील पिनबॉलचे एकेक टेबल स्वतंत्रपणे विकले जाते आणि अनेक टेबले चित्रपट, दूरचित्रवाणी मालिका किंवा जुन्या पिनबॉल यंत्रांवर आधारलेली असतात. त्यामुळे मूळ हक्कधारकाशी झालेला करार संपला की खेळात कोणताही बिघाड नसताना ते टेबल दुकानातून नाहीसे होते.

लाकूड, काच आणि धातूचे पिनबॉल यंत्र वापराने झिजते. परंतु एकदा विकले गेलेले यंत्र कुणाचा करार संपला म्हणून मालकाच्या घरातून उचलले जात नाही. ते दुसऱ्याला विकता येते, दुरुस्त करता येते, संग्रहालयाला देता येते. डिजिटल टेबल झिजत नाही, मात्र त्याचे आयुष्य करारपत्रावरील तारखेशी बांधलेले असते. या विषयातील बहुतेक प्रश्न या फरकातून निर्माण होतात.

पार्श्वभूमी

पिनबॉलचे मूळ युरोपातील बागातेल या खेळात आहे. १८७१ मध्ये माँटेग्यू रेडग्रेव्ह यांनी अमेरिकेत चेंडू सोडण्यासाठी स्प्रिंगच्या दांड्याचे, म्हणजे प्लंजरचे, पेटंट घेतले. खेळाडूला चेंडू पुन्हा वर टोलवता येईल असे फ्लिपर गॉटलीब कंपनीच्या 'हम्प्टी डम्प्टी' या यंत्रात १९४७ मध्ये आले आणि खेळाला आजचे स्वरूप मिळाले. विल्यम्स, बॅली, गॉटलीब व स्टर्न ही या उद्योगातील प्रमुख नावे होत. यांपैकी बॅलीचा पिनबॉल व्यवसाय १९८८ मध्ये विल्यम्सने विकत घेतला, तरी बॅलीच्या नावाने यंत्रे निघत राहिली.

१९९० च्या दशकाचा पूर्वार्ध हा पिनबॉलचा अखेरचा मोठा बहर मानला जातो. पॅट लॉलर यांनी रचलेल्या 'द अ‍ॅडम्स फॅमिली' (१९९२) या यंत्राच्या २०,२७० प्रती बनल्या. 'मिडीव्हल मॅडनेस' (१९९७) हे आज अत्यंत नावाजलेले यंत्र असले, तरी त्याच्या मूळ प्रती सुमारे ४,००० एवढ्याच निघाल्या. व्हिडिओ खेळांच्या स्पर्धेमुळे मागणी घटत गेली आणि ऑक्टोबर १९९९ मध्ये विल्यम्सने पिनबॉल यंत्रांचे उत्पादन थांबवले.

उरलेल्या यंत्रांची देखभाल खर्चिक असते. रबरी कडी कडक होतात, फ्लिपरची वेटोळी जळतात, चेंडूच्या घर्षणाने टेबलावरील चित्रे पुसली जातात. नियंत्रक फलकावरील जुन्या विद्युतघटातून गळणारे रसायन तर संपूर्ण मंडल निकामी करते. त्यामुळे या यंत्रांच्या डिजिटल आवृत्त्या तयार करणे हेच मुळात जतनाचे काम आहे, असा विचार पुढे आला.

डिजिटल टेबलाची घडण

डिजिटल पिनबॉलचे ढोबळमानाने दोन प्रकार पडतात. पहिल्या प्रकारात केवळ पडद्यासाठी कल्पिलेली टेबले येतात. 'पिनबॉल ड्रीम्स' (१९९२) आणि 'फुल टिल्ट! पिनबॉल' (१९९५) ही त्याची उदाहरणे होत. दुसऱ्या प्रकारात प्रत्यक्ष अस्तित्वात असलेल्या यंत्राची हुबेहूब प्रतिकृती केली जाते.

प्रतिकृती करताना मूळ यंत्र मिळवून ते सुटे करतात. प्रत्येक भागाची छायाचित्रे व मापे घेतात आणि त्यांवरून त्रिमितीय रूप उभे करतात. साधारण ८० ग्रॅम वजनाचा पोलादी चेंडू उतरत्या टेबलावर कसा घरंगळेल, रबरावर आपटून किती उसळेल, याचे गणित स्वतंत्रपणे बसवावे लागते. १९७० च्या दशकाच्या उत्तरार्धापासूनच्या यंत्रांत गुण, दिवे व आवाज यांचे नियंत्रण संगणकीय चकतीत साठवलेल्या आज्ञावलीकडे असते. ही आज्ञावली एम्युलेटरच्या, म्हणजे जुन्या यंत्राचे वर्तन नव्या संगणकावर घडवणाऱ्या प्रणालीच्या, साहाय्याने जशीच्या तशी चालवता येते. अशा टेबलात नियम, गुणांकन आणि ठिपक्यांच्या फलकावरील चलच्चित्रे मूळचीच असतात. नव्याने घडवलेला असतो तो चेंडू आणि त्याच्या भोवतीचा अवकाश.

हक्कांची उतरंड

एका टेबलात अनेकांचे हक्क एकावर एक रचलेले असतात. सर्वांत तळाशी डिजिटल खेळ लिहिणाऱ्या कंपनीचा स्वतःच्या आज्ञावलीवरील प्रताधिकार असतो. त्यावर यंत्र बनवणाऱ्या कंपनीचे रचना, चित्रे, ध्वनी, मूळ आज्ञावली व बोधचिन्ह यांवरील हक्क येतात. यंत्र एखाद्या चित्रपटावर बेतलेले असेल, तर चित्रपटाच्या हक्कधारकांची परवानगी लागते. नटांचे चेहरे व आवाज आणि गाणी यांचे व्यवहार त्याहून वेगळे असतात.

'द अ‍ॅडम्स फॅमिली' हे याचे बोलके उदाहरण आहे. मूळ पात्रे व्यंगचित्रकार चार्ल्स अ‍ॅडम्स यांची, यंत्र १९९१ च्या चित्रपटावर आधारलेले, आणि त्यातील संवाद राउल जूलिया व अँजेलिका ह्यूस्टन यांनी यंत्रासाठी खास ध्वनिमुद्रित केलेले. 'द ट्वायलाइट झोन' (१९९३) या यंत्रात मालिकेच्या हक्कांखेरीज गोल्डन इअररिंग या डच वाद्यवृंदाच्या गाण्याचाही वापर आहे. या हक्कांपैकी एकाचीही मुदत संपली, तर उरलेले सर्व करार शाबूत असूनही टेबल विकता येत नाही.

परवाने ठरावीक वर्षांसाठी दिले जातात. नूतनीकरणाची किंमत अपेक्षित विक्रीपेक्षा जास्त ठरली, हक्कधारकाने दुसऱ्या कंपनीशी करार केला किंवा हक्क असलेली कंपनीच विकली गेली, तर नूतनीकरण होत नाही. विल्यम्स यंत्रांचे हक्क असलेली डब्ल्यूएमएस इंडस्ट्रीज ही कंपनी २०१३ मध्ये सायंटिफिक गेम्सने घेतली आणि २०२२ मध्ये सायंटिफिक गेम्सचे नाव बदलून लाइट अँड वंडर असे झाले. जुगाराच्या व्यवसायातील या कंपनीच्या दृष्टीने पिनबॉल ही ताब्यात आलेल्या मालमत्तेतील एक छोटी बाब आहे. डिजिटल टेबलांचे भवितव्य मात्र तिच्या निर्णयावर अवलंबून असते.

'द पिनबॉल आर्केड' आणि २०१८ ची माघार

अमेरिकेतील फारसाइट स्टुडिओज या कंपनीने गॉटलीब यंत्रांचा संग्रह २००४ मध्ये व विल्यम्स यंत्रांचा संग्रह २००८ मध्ये खेळयंत्रांसाठी प्रसिद्ध केला होता. त्याच अनुभवावर २०१२ मध्ये 'द पिनबॉल आर्केड' हा खेळ आला. यात विल्यम्स, बॅली, गॉटलीब व स्टर्न यांची यंत्रे एका छताखाली आणली गेली आणि ठरावीक काळाने नवी टेबले विक्रीस येत राहिली.

प्रसिद्ध चित्रपट व मालिकांवरील यंत्रांचे परवाने महाग असल्याने कंपनीने किकस्टार्टर या संकेतस्थळावरून लोकांकडून वर्गणी गोळा केली. 'द ट्वायलाइट झोन' व 'स्टार ट्रेक : द नेक्स्ट जनरेशन' यांसाठी २०१२ मध्ये, 'टर्मिनेटर २ : जजमेंट डे' साठी २०१३ मध्ये आणि पुढे 'द अ‍ॅडम्स फॅमिली' साठी अशा मोहिमा यशस्वी झाल्या. दुर्मीळ होत चाललेली यंत्रे सर्वांना खेळता यावीत, ही वर्गणीदारांची मुख्य प्रेरणा होती.

मे २०१८ मध्ये फारसाइटने जाहीर केले, की विल्यम्स व बॅली यंत्रांच्या परवान्याचे नूतनीकरण होणार नाही आणि ही टेबले ३० जूनपर्यंतच विकत घेता येतील. मुदत संपताच सुमारे ६० टेबले विक्रीतून गेली. त्यांत लोकवर्गणीतून उभी राहिलेली टेबलेही होती. 'द अ‍ॅडम्स फॅमिली' तर विक्रीस आल्यापासून चार वर्षेही झाली नव्हती. ज्यांनी टेबले आधी विकत घेतली होती, त्यांना ती खेळता येत राहिली. मात्र नव्या खेळाडूसाठी दार बंद झाले. वर्गणीतून जो पैसा उभा राहिला, त्यातून काही काळाचा परवाना घेतला गेला होता, कायमची मालकी नव्हे, ही बाब या घटनेने अनेकांच्या प्रथमच लक्षात आणून दिली.

झेन स्टुडिओज आणि टेबलांचे पुनरागमन

विल्यम्स व बॅली यंत्रांचा परवाना हंगेरीतील बुडापेस्ट येथील झेन स्टुडिओज या कंपनीकडे गेला. तिच्या 'पिनबॉल एफएक्स ३' या खेळात ऑक्टोबर २०१८ पासून विल्यम्सची टेबले येऊ लागली. 'मिडीव्हल मॅडनेस' व 'फिश टेल्स' ही टेबले पहिल्या तुकडीत होती. मूळ स्वरूपाबरोबरच त्रिमितीय पात्रांनी नटवलेले सुधारित स्वरूपही कंपनीने दिले. वयोगटाची श्रेणी सांभाळण्यासाठी काही टेबलांवरील चित्रे प्रारंभी सौम्य करण्यात आली. त्यावर खेळाडूंनी आक्षेप घेतला. मूळ कलाकृतीत फेरफार झाला, तर त्यास जतन म्हणावे काय, असा तो प्रश्न होता.

यातून परवाना-बदलाचे दोन परिणाम दिसून आले. एक म्हणजे, टेबल नव्या कंपनीकडे गेले तरी जुन्या कंपनीने केलेले काम तिच्याकडे जात नाही. फारसाइटने घेतलेली मापे, छायाचित्रे व लिहिलेली आज्ञावली फारसाइटचीच राहिली आणि झेनला तीच टेबले पुन्हा मुळापासून घडवावी लागली. दुसरे म्हणजे, खेळाडूची खरेदी कंपनीसोबत बदलत नाही. तेच टेबल त्याला पुन्हा विकत घ्यावे लागते. शिवाय सर्व टेबले एकदम परतत नाहीत. 'द अ‍ॅडम्स फॅमिली' २०२३ मध्ये 'पिनबॉल एफएक्स' या नव्या मालिकेत आले, म्हणजे मधली साडेचार वर्षे ते नव्याने विकत घेण्याचा अधिकृत डिजिटल मार्ग नव्हता.

झेनच्या स्वतःच्या टेबलांनाही हाच नियम लागू पडला. २०१७ मध्ये 'पिनबॉल एफएक्स २' मधील बहुतेक टेबले नव्या आवृत्तीत विनामूल्य नेता आली. पण 'साउथ पार्क' सारखी परकीय हक्कांवर आधारलेली काही टेबले त्या आवृत्तीत आली नाहीत. पुढील 'पिनबॉल एफएक्स' मध्ये तर 'एफएक्स ३' ची खरेदी आपोआप ग्राह्य धरली गेली नाही.

दुकाने आणि उपकरणे बंद होणे

परवान्याखेरीज डिजिटल दुकान बंद होणे हेही खेळ नाहीसे होण्याचे कारण ठरते. निन्टेन्डोच्या थ्रीडीएस व वी यू या खेळयंत्रांवरील दुकानातील विक्री मार्च २०२३ मध्ये आणि मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्स ३६० चे दुकान जुलै २०२४ मध्ये बंद झाले. झेनच्या पिनबॉल मालिकेचा आरंभ २००७ मध्ये एक्सबॉक्स ३६० वरच झाला होता. अ‍ॅपलने २०१७ मध्ये आयओएस ११ पासून ३२ बिटांची उपयोजने चालवणे थांबवले, तेव्हा अद्ययावत न केलेले अनेक जुने खेळ नव्या आयफोनवर निरुपयोगी झाले.

परवाना संपलेल्या खेळास या बदलांचा दुहेरी फटका बसतो. विक्रीच बंद असल्याने निर्मात्याला तो नव्या उपकरणासाठी सुधारण्यात काही लाभ नसतो. जुन्या खरेदीदाराकडे टेबल शिल्लक असले, तरी ते त्याच्या जुन्या उपकरणाच्या आयुष्याएवढेच टिकते.

जतनाच्या पद्धती

एम्युलेशन व मुक्त प्रतिकृती. रँडी डेव्हिस यांनी २००० साली प्रसिद्ध केलेली 'व्हिज्युअल पिनबॉल' ही प्रणाली या क्षेत्रातील पायाभूत साधन मानली जाते. तिचा मूळस्रोत पुढे खुला करण्यात आला. तिच्या जोडीला 'पिनमेम' ही प्रणाली पिनबॉल यंत्रांतील नियंत्रक, ध्वनिफलक व ठिपक्यांचा फलक यांचे अनुकरण करते. या दोहोंच्या आधारे स्वयंसेवकांनी शेकडो यंत्रांच्या प्रतिकृती केल्या असून त्यांत व्यापारी कंपन्यांनी कधीच न घेतलेली यंत्रेही आहेत. कोणताही परवाना नसल्याने परवाना संपण्याचा प्रश्न येथे उद्भवत नाही; परंतु त्याच कारणाने या कामाची कायदेशीर बाजू दुबळी राहते. यंत्राची मूळ आज्ञावली व चित्रे यांवरील प्रताधिकार कायम असतो आणि हक्कधारकाने हरकत घेतल्यास प्रतिकृती काढून टाकावी लागू शकते.

उलट अभियांत्रिकी. तयार आज्ञावलीवरून तिचा मूळस्रोत पुन्हा लिहून काढण्याच्या या पद्धतीचे ठळक उदाहरण 'स्पेस कॅडेट' हे टेबल आहे. सिनेमॅट्रॉनिक्सने घडवलेल्या आणि मॅक्सिसने १९९५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या 'फुल टिल्ट! पिनबॉल' मधील हे टेबल मायक्रोसॉफ्टने विंडोजसोबत दिले. विंडोज एक्सपीमुळे ते भारतातील असंख्य घरगुती व कार्यालयीन संगणकांवरही पोहोचले. विंडोज व्हिस्टापासून ते वगळण्यात आले. मायक्रोसॉफ्टचे अभियंते रेमंड चेन यांनी २०१२ मध्ये दिलेल्या स्पष्टीकरणानुसार, ६४ बिटांच्या आवृत्तीत चेंडू इतर वस्तूंवर न आपटता त्यांतून आरपार जात असे. बाहेरच्या कंपनीने पूर्वी लिहिलेल्या, टिपणे नसलेल्या आज्ञावलीत हा दोष सापडला नाही, म्हणून खेळच सोडून देण्यात आला. २०२१ मध्ये एका स्वयंसेवकाने त्याचा मूळस्रोत पुन्हा उभा केला आणि ते टेबल अन्य संगणकप्रणालींवरही चालू लागले. चित्रे व ध्वनी यांच्या मूळ धारिका मात्र वापरणाऱ्याने स्वतःच्या प्रतीतून घ्याव्या लागतात. येथे कारण परवान्याचे नव्हते. तथापि परवाना संपलेल्या टेबलांसाठीही तांत्रिक मार्ग कोणता असू शकतो, हे या उदाहरणातून कळते.

दस्तऐवजीकरण. खेळतानाचे चित्रीकरण, नियमांच्या तपशीलवार नोंदी, माहितीपत्रके, टेबलाची छायाचित्रे व निर्मात्यांच्या मुलाखती यांचा संग्रह करणे ही सर्वांत निर्धोक पद्धत होय. खेळ पुढे चालेनासा झाला, तरी तो कसा होता हे त्यावरून सांगता येते. मात्र पिनबॉल हा हाताच्या वेळेवर अवलंबून असलेला खेळ असल्याने केवळ चित्रीकरणावरून त्याचा अनुभव येत नाही.

मूळ यंत्रांचे जतन. कॅलिफोर्नियातील अलामेडा येथील पॅसिफिक पिनबॉल म्युझियम व लास व्हेगास येथील पिनबॉल हॉल ऑफ फेम या ठिकाणी जुनी यंत्रे चालू स्थितीत ठेवली जातात व पाहुण्यांना ती खेळता येतात. डिजिटल प्रतिकृती मुळाशी किती जुळते, हे तपासण्यासाठी अशी चालती यंत्रे हाच अंतिम आधार असतो. पडद्यासाठीच जन्मलेल्या टेबलांना असा आधार नसतो; ती हरवली तर त्यांच्यामागे काहीच उरत नाही.

कायदेशीर स्थिती

अमेरिकेत डिजिटल मिलेनियम कॉपीराइट कायद्यानुसार (१९९८) प्रतबंधक कुलूप तोडण्यास मनाई आहे. दर तीन वर्षांनी काँग्रेसच्या ग्रंथपालांकडून या मनाईला काही अपवाद मंजूर केले जातात. पडताळणीचा सर्व्हर कायमचा बंद झालेल्या खेळांसाठी २०१५ मध्ये असा अपवाद मिळाला आणि ग्रंथालये, अभिलेखागारे व संग्रहालये यांच्यासाठी तो २०१८ मध्ये विस्तारण्यात आला. संग्रहातील खेळ अभ्यासकांना दूर अंतरावरून उपलब्ध करून देण्याची मागणी मात्र ऑक्टोबर २०२४ मध्ये फेटाळली गेली. हे अपवाद सर्व्हर बंद पडण्याशी निगडित आहेत. केवळ परवाना संपल्यामुळे विक्री थांबलेल्या खेळाची प्रत खुली करण्याची मुभा त्यांतून मिळत नाही.

कॅलिफोर्निया राज्यात १ जानेवारी २०२५ पासून लागू झालेल्या कायद्यानुसार, ग्राहकास मालकी न मिळता केवळ परवाना मिळत असेल, तर डिजिटल वस्तूंच्या विक्रेत्याने ते स्पष्टपणे सांगणे बंधनकारक आहे. हा कायदा खेळ टिकवत नाही. खरेदीपूर्वी व्यवहाराचे खरे स्वरूप सांगतो.

भारतात प्रताधिकार अधिनियम, १९५७ च्या कलम ५२ मध्ये २०१२ साली झालेल्या दुरुस्तीने अव्यापारी सार्वजनिक ग्रंथालयांना जतनासाठी एखादी कृती इलेक्ट्रॉनिक स्वरूपात साठवता येते. परंतु त्या कृतीची अडिजिटल प्रत ग्रंथालयाकडे आधीपासून असली पाहिजे, अशी अट आहे. पुस्तकाच्या बाबतीत ही अट सहज पूर्ण होते. केवळ डिजिटल दुकानातून विकल्या गेलेल्या टेबलाची अडिजिटल प्रत अस्तित्वातच नसल्याने या तरतुदीचा आधार त्याला मिळत नाही.

मतभेद

हक्कधारकांच्या मते, आपल्या पात्रांचा वा बोधचिन्हांचा वापर कुठे व किती काळ व्हावा हे ठरवणे हा त्यांचा अधिकार आहे. खेळाची जुनी प्रत मुक्तपणे मिळू लागल्यास नव्या आवृत्तीचे मूल्य घटते, असाही त्यांचा युक्तिवाद असतो. विल्यम्स टेबलांचे २०१८ नंतरचे पुनरागमन या युक्तिवादाला काहीसा आधार देते. नवा परवानाधारक मिळाला म्हणून ती टेबले नव्या उपकरणांवर आली.

जतनाच्या पुरस्कर्त्यांचे म्हणणे असे, की असे पुनरागमन लोकप्रिय टेबलांच्याच वाट्याला येते. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या संस्थेने सॉफ्टवेअर प्रिझर्वेशन नेटवर्कसह २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार, अमेरिकेत २०१० पूर्वी प्रकाशित झालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ बाजारात उपलब्ध नाहीत. बाजाराने सोडून दिलेल्या या कृती टिकवण्याची मुभा ग्रंथालयांना व संग्रहालयांना असावी, अशी त्यांची मागणी आहे. व्यापारी पुनर्प्रकाशन आणि संग्रहालयीन जतन ही दोन वेगळी कामे असून एकामुळे दुसऱ्याची गरज संपत नाही, अशी भूमिका यामागे आहे.

मर्यादा

तांत्रिकदृष्ट्या परिपूर्ण प्रतही काही गोष्टी टिकवू शकत नाही. दूरस्थ सर्व्हरवरील गुणतालिका, स्पर्धा व खेळाडूंची खाती सर्व्हरसोबत जातात. कळ दाबणे व फ्लिपर हलणे यांमधील सूक्ष्म विलंब उपकरणागणिक बदलतो, त्यामुळे एकाच टेबलाचा अनुभव दोन पडद्यांवर सारखा नसतो. यंत्राला हलका धक्का देऊन चेंडूची वाट बदलण्याचे खेळाडूचे कसब पडद्यावर एका कळीपुरते उरते.

याउलट सर्व हक्क हाती असूनही आज्ञावली किंवा मूळ धारिका हरवल्या असतील, तर खेळ पुन्हा प्रकाशित करता येत नाही. म्हणून प्रत, ती चालवण्याचे साधन आणि ती वापरण्याची परवानगी या तिन्ही गोष्टी एकाच वेळी शाबूत असणे हे डिजिटल पिनबॉलच्या जतनासाठी आवश्यक ठरते. पहिल्या दोन गोष्टी स्वयंसेवकांच्या परिश्रमाने बऱ्याच अंशी साध्य झाल्या आहेत. तिसरी आजही टेबलागणिक आणि मुदतीपुरतीच मिळते.